आपल्याविरुद्ध जाणारा कागद न्यायालयापासून लपवावा का?

आपण विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. आपल्या वडिलांचे १९९७ साली निधन झाले. दोन वर्षांनी भावाच्या सांगण्यावरून आपण १०० रुपयांच्या मुद्रांकावर लिहिलेल्या हक्कसोडलेखावर सही केली आणि त्या वेळी भावाने आपल्याला काही रक्कम दिली. पुढे त्या लेखावरून महसुली दप्तरात फेरफारही झाला. त्या लेखाची नोंदणी मात्र कधीच झाली नाही. आता भाऊ जमीन विकण्याच्या तयारीत असल्याचे कळल्यावर आपण वाटपाचा दावा दाखल केला, त्यात ‘वादीने आपला हक्क कधीही, कोणत्याही लेखाने सोडलेला नाही’ असे लिहिले आणि त्या शपथेच्या आधारे एकतर्फी तूर्तातूर्त मनाई हुकूम, म्हणजे भावाला न ऐकता दिलेला तात्पुरता मनाईचा हुकूम, मिळवला. लेखाबद्दल आपण आपल्या वकिलांनाही सांगितलेले नाही. मूळ कागद आपल्याकडेच आहे, भावाकडे फार तर अंधूक झेरॉक्स असेल, तेव्हा गप्प राहावे, असे नातेवाईक सांगतात. भावाने मनाई अर्जावरील म्हणण्यात जमिनीचे साठेखत, म्हणजे विक्रीचा करार, केल्याचे साफ नाकारले आहे आणि ते खोटे आहे हे आपल्याला माहीत आहे. तेव्हा तो खोटे बोलत असताना आपणच खरे का सांगावे, असा आपला प्रश्न आहे.

माझे उत्तर आधी सांगतो आणि कारणे मागून देतो. तो कागद आपण न्यायालयापुढे आणलाच पाहिजे, तो लवकर आणला पाहिजे आणि भावाच्या वकिलांनी तो दाखवण्याच्या आत आणला पाहिजे. आपल्या दाव्याला खरा धोका त्या कागदाचा नसून तो लपवण्याचा आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

दिवाणी दाव्यात पक्षकारावर खरे सांगण्याचे बंधन कोठून येते, हे प्रथम पाहू. दाव्याच्या शेवटी ‘वर लिहिलेला मजकूर माझ्या माहिती व समजुतीप्रमाणे खरा व बरोबर आहे’ असे सत्यापन असते आणि त्याखाली आपली सही असते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ६, नियम १५ प्रमाणे हे सत्यापन आवश्यक आहे आणि २००२ सालापासून त्याच्या जोडीला प्रतिज्ञापत्रही द्यावे लागते. पुष्कळ पक्षकार या सहीकडे टंकलेखकाने सांगितलेल्या जागी करायची आणखी एक सही म्हणून पाहतात. प्रत्यक्षात त्या सहीने वकिलांनी लिहिलेला मजकूर आपला होतो आणि तो खोटा ठरला तर उत्तर आपल्याला द्यावे लागते. मसुदा इंग्रजीत असेल, तर तो मराठीत वाचून व समजावून घेतल्याशिवाय सही करू नये. ‘मला इंग्रजी कळत नव्हते’ हा खुलासा उलटतपासणीत क्वचितच टिकतो, विशेषतः मजकूर समजावून सांगितल्याची नोंद त्याच कागदावर असते तेव्हा.

आता आपल्या नातेवाइकांचा युक्तिवाद. ‘ज्याला कागदाचा आधार हवा त्याने तो आणावा, आपण का द्यावा?’ हा विचार वरवर पटण्यासारखा आहे, कारण प्रत्येकाने आपली बाजू आपण सिद्ध करायची हे तत्त्व खरेच आहे. परंतु पुराव्याचा भार कोणावर हा एक प्रश्न आणि न्यायालयाला काय सांगणे बंधनकारक आहे हा दुसरा प्रश्न, हे दोन्ही एकमेकांत मिसळून चालत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९६८ साली महाराष्ट्रातूनच आलेल्या एका अपिलात, गोपाळ कृष्णाजी केतकर विरुद्ध मोहम्मद हाजी लतीफ या प्रकरणात, असे म्हटले आहे की पुराव्याचा भार आपल्यावर नसला तरी वादावर प्रकाश टाकणारा महत्त्वाचा कागद जो पक्षकार स्वतःजवळ दाबून ठेवतो, त्याच्याविरुद्ध न्यायालय प्रतिकूल अनुमान काढू शकते. जुन्या पुरावा कायद्याच्या कलम ११४ मधील उदाहरण (g) हे याच तत्त्वाचे होते आणि नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते कलम ११९ मध्ये आले आहे. म्हणजे मूळ कागद आपल्याकडे असणे हे नातेवाइकांना आपले बळ वाटत असले, तरी न्यायाधीशांच्या दृष्टीने तेच आपल्याविरुद्धचे कारण होऊ शकते.

आपल्या परिस्थितीशी जवळजवळ तंतोतंत जुळणारा निकाल एस. पी. चेंगलवराय नायडू विरुद्ध जगन्नाथ हा आहे. सर्वोच्च न्यायालयाने तो ऑक्टोबर १९९३ मध्ये दिला. त्यात वादीने न्यायालयीन लिलावात मिळकत घेतली होती, परंतु ती आपल्या मालकासाठी घेतली होती आणि नंतर त्या मालकाच्या लाभात हक्कसोडपत्रही करून दिले होते. हे हक्कसोडपत्र न सांगता त्याने वाटपाचा दावा लावला आणि प्राथमिक हुकूमनामा मिळवला. उच्च न्यायालयाने वादीवर असे काही उघड करण्याचे बंधन नाही, प्रतिवादींनी तो कागद वेळीच आणायला हवा होता, असा दृष्टिकोन घेतला. म्हणजे आपले नातेवाईक आज जे म्हणत आहेत, जवळपास तेच. सर्वोच्च न्यायालयाने ते ठामपणे नाकारले. वादाशी संबंधित सर्व कागद हजर करणे पक्षकारावर बंधनकारक आहे, दुसऱ्या बाजूवर फायदा मिळवण्यासाठी महत्त्वाचा कागद दडवणे ही न्यायालयाची तसेच प्रतिपक्षाची फसवणूक आहे आणि फसवणुकीने मिळवलेला हुकूमनामा मुळातच शून्यवत असून तो कोणत्याही न्यायालयात, पुढच्या आनुषंगिक कामातसुद्धा, तसा दाखवून देता येतो, असे न्यायालयाने सांगितले. या शेवटच्या भागाकडे विशेष लक्ष द्यावे. आपण हा दावा जिंकलात, पुढे दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीत, जमिनीचा ताबाही मिळाला, तरी दहा वर्षांनी ती झेरॉक्स बाहेर आल्यावर सारे पुन्हा उकरले जाऊ शकते. अशा हुकूमनाम्यावर आपण आणि आपली मुले निर्धास्त राहू शकणार नाही.

या कर्तव्याची सर्वांत कडक बाजू एकतर्फी हुकुमाच्या वेळी दिसते आणि म्हणून मी तेथे थोडा अधिक थांबतो. एरवी न्यायाधीशांसमोर दोन बाजू असतात. एकाने वगळलेले दुसरा सांगतो. एकतर्फी अर्जावर मात्र त्यांच्यासमोर फक्त आपण असतो. भाऊ तेथे नसतो, त्याचे वकील नसतात, आणि तरीही भावाच्या हक्कावर बंधन घालणारा हुकूम केवळ आपल्या शब्दावर दिला जातो. त्या अर्ध्या तासात न्यायाधीश आपल्यावर जो विश्वास टाकतात त्याची किंमत अशी की, भाऊ हजर असता तर त्याने जे दाखवले असते तेही आपणच सांगायचे असते. कायद्याने याची व्यवस्थाही केली आहे. आदेश ३९, नियम ३ प्रमाणे नोटीस न देता मनाई देताना न्यायालयाला कारणे नोंदवावी लागतात, आणि वादीला अर्ज, प्रतिज्ञापत्र, दावा व आधाराच्या कागदांच्या प्रती प्रतिपक्षाकडे लगेच पोहोचत्या करून तसे प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी द्यावे लागते. पुढे नियम ४ च्या परंतुकात म्हटले आहे की महत्त्वाच्या बाबीत जाणूनबुजून खोटे किंवा दिशाभूल करणारे विधान करून नोटिशीविना मनाई मिळवली असेल, तर न्यायालयाने ती उठवावी; तसे करणे न्यायाच्या दृष्टीने आवश्यक नाही असे वाटले, तर त्याची कारणे नोंदवावीत. तेथे ‘खोटे’ या शब्दाबरोबर ‘दिशाभूल करणारे’ हे शब्दही आहेत. ‘कोणत्याही लेखाने हक्क सोडलेला नाही’ हे आपले वाक्य, लेख नोंदणीकृत नसल्यामुळे कायद्याच्या अर्थाने हक्क सुटलाच नाही असे म्हणून, कदाचित सावरून घेता येईल. पण ते वाचणाऱ्या न्यायाधीशांचा समज असा होतो की असा कागदच अस्तित्वात नाही, आणि तो समज खरा नाही.

एवढे सांगितल्यावर मला जे सर्वांत महत्त्वाचे वाटते ते सांगतो, कारण आपल्या प्रश्नात ते कोठेच आलेले नाही. आपण त्या कागदाला इतक्या घाबरला आहात की तो कायद्याने किती टिकतो याचा विचारच झालेला नाही. वडिलांच्या निधनानंतर वारस म्हणून मिळालेला स्थावर मिळकतीतील हिस्सा लेखाने सोडायचा असेल, तर १०० रुपये किंवा त्याहून अधिक मूल्याच्या हिश्श्यासाठी तो लेख नोंदणी अधिनियमाच्या कलम १७ प्रमाणे नोंदवावा लागतो. नोंदवला नाही, तर कलम ४९ प्रमाणे तो लेख मिळकतीवर परिणाम करत नाही आणि त्या व्यवहाराचा पुरावा म्हणून वाचता येत नाही. आनुषंगिक कारणासाठी तो पाहता येतो, ही गोष्ट वेगळी. म्हणजे तो लेख स्वतः उघड करून ‘हा लेख झाला, पण तो नोंदलेला नाही, म्हणून माझा हिस्सा कायम आहे’ असे आपण सरळ म्हणू शकला असता, आणि तो युक्तिवाद वजनदार आहे.

भावाची बाजूही असेल, हे नाकारून चालणार नाही. तो म्हणेल की लेख हा आधीच झालेल्या तोंडी कौटुंबिक व्यवस्थेची केवळ नोंद आहे, आणि अशा निव्वळ स्मरणलेखाला नोंदणी लागत नाही हे सर्वोच्च न्यायालयाने १९७६ साली काळे विरुद्ध डेप्युटी डायरेक्टर ऑफ कन्सॉलिडेशन या निकालात मान्य केले आहे. तो हेही म्हणेल की आपण पैसे घेतलेत, फेरफार झाला तरी हरकत घेतली नाही, आणि इतक्या वर्षांनी आता उलटत आहात. यावर आपल्याकडे उत्तरे आहेत: लेखाची भाषा ‘आधी सोडला’ अशी आहे की ‘या लेखाने सोडत आहे’ अशी, रक्कम हिश्श्याचा मोबदला होती की भाऊबहिणीतील देवघेव, आणि फेरफार नोंदीने मालकी हक्क मिळत अथवा जात नाही हे तर वारंवार ठरलेले आहे. या सर्व मुद्द्यांवर झगडता येते. परंतु ज्या वादीच्या तोंडून लेखाचे अस्तित्व उलटतपासणीत ओढून काढावे लागले, तिचे हेच मुद्दे न्यायाधीश संशयाने ऐकतात. माझ्या वकिलीत मी एका पक्षकाराला याच रीतीने हरताना पाहिले आहे. त्याच्याविरुद्धचा कागद दुबळा होता. पण ‘ही सही तुमची का?’ या प्रश्नाला त्याने आधी ‘नाही’, मग ‘आठवत नाही’ आणि शेवटी ‘असेल’ असे सांगितले, आणि त्यानंतर त्याच्या खऱ्या गोष्टींवरही कोणी विश्वास ठेवला नाही. तो कागद त्याने पहिल्याच दिवशी माझ्या हाती दिला असता, तर मी त्या प्रश्नापर्यंत वेळच येऊ दिली नसती, याचे मला आजही वाईट वाटते.

आता करायचे काय ते पाहू. आधी आपल्या वकिलांना सर्व सांगा, पैशांसकट सांगा. आपण वकिलाला विश्वासाने सांगितलेल्या गोष्टींना कायद्याचे संरक्षण असते. त्या उघड करण्याची सक्ती सहसा होत नाही. मात्र सत्य कळल्यानंतर आपले वकील त्याच खोट्या विधानावर न्यायालयात उभे राहू शकणार नाहीत. बार काउन्सिल ऑफ इंडियाच्या नियमांप्रमाणे अनुचित मार्गाला जाणाऱ्या पक्षकाराला रोखणे आणि तो ऐकत नसेल तर त्याचे काम सोडणे हे वकिलाचे कर्तव्य आहे, आणि ते तसे म्हणाले तर त्यांच्यावर रागावू नका. दुसरे म्हणजे, आपल्या दाव्यात न्यायालयाने अजून मुद्दे (निर्णय करायचे वादाचे प्रश्न) काढलेले नाहीत, म्हणजे सुनावणीला खऱ्या अर्थाने सुरुवात झालेली नाही. आदेश ६, नियम १७ खाली दावा दुरुस्त करून घेण्यासाठी ही वेळ अनुकूल आहे. सुनावणी सुरू झाल्यावर मात्र, योग्य ती दक्षता घेऊनही ही बाब आधी मांडता आली नसती, हे दाखवावे लागते, आणि जो कागद पहिल्यापासून आपल्या कपाटात आहे त्याबाबत ते दाखवणे जवळजवळ अशक्य आहे. दुरुस्ती अर्जासोबत मूळ लेख आदेश ७, नियम १४ प्रमाणे परवानगी घेऊन यादीने हजर करावा आणि आपल्या स्वतःच्या प्रतिज्ञापत्रात तो आधी का सांगितला नाही याचे खरे कारण लिहावे. ते कारण भीती असेल तर भीती असेच लिहा. ‘अनवधानाने राहून गेले’ असे सोयीचे वाक्य घालू नका. एक असत्य निस्तरताना दुसरे कागदावर येते. मनाई हुकुमाच्या बाबतीतही, पुढच्या तारखेची वाट न पाहता, ही बाब न्यायालयाच्या निदर्शनास आणून हुकूम चालू ठेवायचा की बदलायचा ते न्यायालयावर सोपवावे. हुकूम उठण्याची शक्यता आहे, हे मी लपवत नाही. तथापि जमीन विकली जाण्याचा धोका खरा असेल, तर सर्व वस्तुस्थिती समोर ठेवून दोन्ही बाजू ऐकल्यावर मिळालेली मनाई आजच्या हुकुमापेक्षा कितीतरी भक्कम असेल.

हे केले नाही तर काय होऊ शकते, तेही थोडक्यात सांगतो. पुरेशा कारणाविना मनाई मिळवल्याबद्दल कलम ९५ खाली ५०,००० रुपयांपर्यंत भरपाई आणि खोट्या किंवा त्रासदायक दाव्याबद्दल कलम ३५-अ खाली ३,००० रुपयांपर्यंत खर्च लावता येतो. या मर्यादा आज फारच तोकड्या आहेत असे माझे मत आहे. मात्र सर्वोच्च न्यायालयाने २०११ सालच्या रामरामेश्वरी देवी प्रकरणात वास्तवाला धरून खर्च बसवण्यावर भर दिल्यापासून न्यायालये कलम ३५ खालच्या सर्वसाधारण खर्चाबाबत पूर्वीपेक्षा कठोर झालेली दिसतात. फौजदारी बाजू अधिक गंभीर आहे. न्यायालयीन कामात जाणूनबुजून खोटा पुरावा देण्याला भारतीय न्याय संहितेच्या कलम २२९ खाली सात वर्षांपर्यंत कारावास आणि दंड आहे, तर अप्रामाणिकपणे खोटा दावा करण्याबद्दल कलम २४६ आहे. १ जुलै २०२४ पूर्वीच्या कृत्यांना जुन्या दंड संहितेची कलमे १९३ व २०९ लागू राहतात. खोट्या प्रतिज्ञापत्राला न्यायालयाचा अवमानही मानले गेले आहे.

भावाच्या खोटेपणाबाबत बोलायचे, तर त्याचे कर्तव्य आपल्याइतकेच आहे, आणि त्याने ते मोडले म्हणून आपले सुटत नाही. ही दोन्ही बंधने न्यायालयाप्रती आहेत, एकमेकांप्रती नाहीत. त्याचे खोटे उघडे पाडण्याची साधने संहितेतच आहेत. आदेश ११ खाली लेखी प्रश्न पाठवून ‘अमुक तारखेला अमुक व्यक्तीशी साठेखत केले का?’ याचे शपथेवर उत्तर मागता येते, कागद हजर करण्याची नोटीस देता येते, आणि साठेखत नोंदलेले असेल तर दुय्यम निबंधक कार्यालयातून प्रमाणित नक्कल मिळते. कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, त्याने मोघम नकार दिला, तर आदेश ८ प्रमाणे जे नेमकेपणाने नाकारले नाही ते कबूल केले असे धरता येते. खोट्या शपथेबद्दल भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३७९ खाली, म्हणजे पूर्वीच्या कलम ३४० खाली, अर्जही देता येतो. पण तो आजच देण्याची घाई मी करणार नाही. तेथे तक्रार न्यायालय करते, पक्षकार नव्हे, आणि न्यायहितासाठी ती आवश्यक आहे असे न्यायालयाचे मत व्हावे लागते. असत्य जाणीवपूर्वक आणि महत्त्वाच्या बाबीत असावे, आणि दोषसिद्धीची रास्त शक्यता असावी, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७१ साली छज्जू राम प्रकरणात म्हटले आहे. पुरावा पूर्ण होण्याआधी दिलेले असे अर्ज बहुधा मूळ दावा लांबवतात. शिवाय ज्या हाताने आपण हा अर्ज द्याल त्याच हाताने आपला स्वतःचा लेख दडवलेला असेल, तर त्या अर्जाचे काय होईल हे सांगायला नको.

या कर्तव्याला मर्यादा आहेत, हेही स्पष्ट करतो, कारण काही प्रामाणिक पक्षकार घाबरून नको तेवढे लिहितात. आपल्या बाजूचा कायदेशीर कच्चा दुवा शोधून प्रतिपक्षाला दाखवणे आपल्यावर बंधनकारक नाही, आणि वकिलाशी झालेले बोलणे उघड करण्याचे तर मुळीच नाही. पंचवीस वर्षांपूर्वीची तारीख चुकली तर ते खोटे बोलणे होत नाही. आठवत नसेल तर आठवत नाही असेच लिहावे. फौजदारी खटल्यातील आरोपीची स्थिती पूर्णपणे वेगळी आहे, त्याला राज्यघटनेच्या अनुच्छेद २०(३) चे संरक्षण आहे. आपण दिवाणी न्यायालयात स्वतःहून दाद मागायला आला आहात. कोणती गोष्ट सांगायलाच हवी हे ठरवण्यासाठी मी पक्षकारांना एकच कसोटी देतो: ही गोष्ट माहीत असती तर न्यायाधीश हा हुकूम देताना थांबले असते का? थांबले असते असे आपल्याला आतून वाटत असेल, तर ती सांगायची. या कसोटीवर आपला हक्कसोडलेख, मिळालेली रक्कम आणि त्यावरून झालेला फेरफार या तिन्ही गोष्टी बसतात. याच मिळकतीबद्दल पूर्वी महसुली अधिकाऱ्यांकडे किंवा दुसऱ्या न्यायालयात काही अर्ज केला असेल, तर तोही बसतो. आपण त्याबद्दल काही लिहिलेले नाही, म्हणून मुद्दाम विचारतो आहे.

शेवटी एक सूचना, जी आजच पाळावी. तो मूळ लेख आहे त्या स्थितीत जपून ठेवा. त्यावर काही लिहू नका, तो कोणाच्या हाती देऊ नका, आणि कोणी ‘फाडून टाका’ असे सुचवले तर ऐकू नका, कारण पुरावा म्हणून हजर होऊ नये या हेतूने कागद नष्ट करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २४१ खालील स्वतंत्र अपराध आहे. वकिलांकडे जाताना तो लेख, रक्कम मिळाल्याची काही नोंद किंवा बँकेचे पासबुक असल्यास ते, १९९७ नंतरचे सर्व सातबारा व फेरफार उतारे आणि आपल्या दाव्याची व प्रतिज्ञापत्राची प्रत सोबत न्यावी.